वाटेचा तंटा हेगच्या कोर्टात

(नवी मुंबईतील प्रौढ साक्षरता वर्गापुढे केलेले भाषण)



आज आम्ही तुम्हाला एका वाटेची गोष्ट सांगणार आहोत. वाट थोड्याच मैलांची होती. पण तिच्यावरून दोन देशांत तंटा लागला. तंटा समुद्रापलीकडे, युरोपातल्या एका कोर्टात गेला. चार वर्षांवर चालला. आणि त्या कोर्टात काय उलगडले गेले, ठाऊक आहे? आपल्या पेशव्यांच्या दरबारातले जुने कागद!

ते कोर्ट कसले, तिथे कोण जाते, निवाडा कसा होतो आणि तो कोण पाळतो, हे आपण आज समजून घेऊ.

गावचा तंटा आणि देशांचा तंटा

वाटेचा तंटा आपल्याला नवा नाही. आज नवी मुंबईत उंच इमारती आहेत, आगगाडी आहे, उड्डाणपूल आहेत. पण घणसोली, करावे, दिवाळे, बेलापूर या गावांतल्या जुन्या माणसांना विचारा. ते सांगतील, इथे खाडीकाठची भातशेती होती, मिठागरे होती. आपल्या शेतावर जायचे तर दुसऱ्याच्या बांधावरून जावे लागे. एकाने बांध अडवला की दुसऱ्याची लावणी अडली.

असे झाले तर काय करायचे? काठ्या काढायच्या का? नाही. आधी चार वडीलधारी माणसे समजूत घालतात. त्यांनी भागले नाही, तर तहसीलदाराकडे दाद मागता येते. त्यासाठी मामलेदार कोर्टाचा १९०६ सालचा कायदा आहे. शेताची वाट कोणी बेकायदा अडवली, तर अडवल्यापासून सहा महिन्यांच्या आत अर्ज करावा लागतो, एवढे मात्र ध्यानात ठेवा. तहसीलदार कागद बघतो, जागा बघतो, साक्षी घेतो आणि हुकूम देतो. हुकूम कोणी मोडला, तर मागे सरकार उभे असते. पोलीस असतात.

बरे, आता दोन देशांत तंटा लागला तर? देशांवर तहसीलदार कोण? प्रत्येक देश आपल्या घरचा धनी. त्याच्या डोक्यावर दुसरा धनी नाही. म्हणून पूर्वी एकच रीत होती. ज्याच्या हाती तोफ, त्याचे खरे. त्या रीतीने जगाचे काय झाले, ते दोन महायुद्धांत दिसले. कोट्यवधी माणसे मेली. गावेच्या गावे बेचिराख झाली. तेव्हा राष्ट्रांनी ठरवले की तंटा तोडायला आपल्यालाही एक कोर्ट पाहिजे.

हेगचे कोर्ट

१९४५ साली संयुक्त राष्ट्रसंघ स्थापन झाला. त्याच्या सनदेतच या कोर्टाची तरतूद आहे. त्याचे नाव आंतरराष्ट्रीय न्यायालय. १९४६ साली ते सुरू झाले. त्याच्या आधीही असे एक जागतिक कोर्ट होते. ते मोडून हे नवे केले.

हे कोर्ट हेग या शहरात भरते. हेग हे नेदरलँड्स देशात आहे. त्या देशाला आपल्याकडे हॉलंडही म्हणतात.

या कोर्टात पंधरा न्यायाधीश असतात. त्यांची मुदत नऊ वर्षे. संयुक्त राष्ट्रसंघातले देश मते देऊन त्यांना निवडतात. एका देशाचे दोन न्यायाधीश एका वेळी असत नाहीत. आपल्या देशाचे बेनेगल नरसिंग राव, नगेंद्र सिंग आणि रघुनंदन स्वरूप पाठक यांनी तिथे न्यायदान केले. पुढे २०१२ साली दलवीर भंडारी निवडून आले. ते त्यापूर्वी आपल्या मुंबई हायकोर्टाचे मुख्य न्यायमूर्ती होते.

आता कोणी म्हणेल, “पण तंटा आमचा, आणि न्यायासनावर आमचा माणूसच नाही. मग आमची बाजू कोणाला कळणार?” त्याचीही सोय आहे. ज्या देशाचा न्यायाधीश तिथे नसेल, त्याला तेवढ्या खटल्यापुरता आपला एक न्यायाधीश नेमता येतो. पण तो वकील नव्हे, बरं का! त्यानेही निःपक्षपातीपणे न्याय करण्याची शपथ घ्यायची असते.

त्या कोर्टात कोण जाऊ शकते? फक्त देश. तुम्ही-आम्ही तिथे फिर्याद करू शकत नाही. जमिनीचा मोबदला कमी मिळाला म्हणून आपल्या गावच्या माणसाला हेगला जाता येत नाही. त्याला इथलीच कोर्टे. महाराष्ट्र आणि कर्नाटक यांचा सीमेचा तंटाही तिथे जात नाही, कारण ती एकाच देशाची दोन राज्ये आहेत. महाराष्ट्राने तो दावा २००४ साली दिल्लीच्या सर्वोच्च न्यायालयात दाखल केला.

आधी संमती, मग खटला

आता एक मोठा फरक ऐका. आपल्यावर कोणी दावा लावला, तर कोर्टाचे समन्स येते. “मला हे कोर्ट मान्य नाही,” असे म्हणून आपण घरी बसू शकत नाही. हेगच्या कोर्टाचे तसे नाही. ज्या देशाने त्या कोर्टाला संमती दिली नाही, त्याच्यावर तिथे खटला चालत नाही. पंच मानले, तरच पंचांचा निवाडा. अगदी तसेच.

ही संमती तीन तऱ्हांनी मिळते.

पहिली तऱ्हा. तंटा लागल्यावर दोन्ही देश मिळून म्हणतात, “चला, आपण हा तंटा कोर्टापुढे ठेवू.”

दुसरी तऱ्हा. देशादेशांत आधीच एखादा करार झालेला असतो. त्यात लिहिलेले असते, की या कराराच्या अर्थावरून वाद झाला तर हेगला जायचे.

तिसरी तऱ्हा. एखादा देश आधीच एक संमतिपत्र देऊन ठेवतो. तो म्हणतो, “ज्यांनी असेच पत्र दिले आहे, त्यांनी माझ्यावर खटला केला तर मी हजर होईन.”

या तिसऱ्या तऱ्हेनेच आपल्या देशावर खटला झाला. आता त्या वाटेकडे वळू.

दमणची वाट

पोर्तुगीज लोक आपल्या किनाऱ्याला परके नव्हते. बेलापूरचा किल्लाही एके काळी त्यांच्या हाती होता. १७३९ साली चिमाजी अप्पांनी वसई जिंकली आणि उत्तर कोकणातले त्यांचे बळ मोडले. पण गोवा, दमण आणि दीव त्यांच्याकडेच राहिले.

आता नकाशा डोळ्यांपुढे आणा. नवी मुंबईहून अहमदाबादच्या हमरस्त्याला लागायचे. पालघर जिल्ह्यातली तलासरी मागे टाकली की थोड्या वेळाने गुजरातमधले वापी लागते. वापीच्या पश्चिमेला समुद्रकाठी दमण. वापीच्या दुसऱ्या अंगाला, आत, दादरा. त्याच्याही पुढे नगर हवेली. तिचे मुख्य गाव सिल्वासा. नगर हवेली आपल्या पालघर जिल्ह्याला लागूनच आहे. वारली आणि इतर आदिवासी बांधवांची ती भूमी.

दमण पोर्तुगीजांचे. दादरा आणि नगर हवेलीही पोर्तुगीजांच्या ताब्यात. पण मधला पट्टा भारताचा. दादऱ्याला चारी बाजूंनी भारताची जमीन, नगर हवेलीलाही तसेच. दमणच्या गव्हर्नराला तिकडे जायचे, तर भारताच्या जमिनीवरून जावे लागे. दुसऱ्याच्या शेतातून आपल्या शेतात जावे, तसेच हे.

१९४७ साली इंग्रज गेले. पोर्तुगीज मात्र हलायला तयार नव्हते. मग १९५४ च्या जुलै महिन्यात लोक उठले. २१ जुलैच्या रात्री दादऱ्यातला पोर्तुगीज अंमल संपला. २ ऑगस्टला सिल्वासा मुक्त झाले. या लढ्यात गोमंतकीय होते, तसे महाराष्ट्रातले स्वयंसेवकही होते. गायक-संगीतकार सुधीर फडके आणि इतिहासकार बाबासाहेब पुरंदरे त्यांत होते.

बातमी लागताच दमणच्या पोर्तुगीजांनी भारताकडे मागणी केली, “आम्हाला तिकडे जाऊ द्या.” भारताने वाट दिली नाही.

झाले! वाट अडली आणि तंटा सुरू झाला.

फिर्याद आणि हरकत

पोर्तुगालने मोठी घाई केली. १९५५ च्या १४ डिसेंबरला तो संयुक्त राष्ट्रसंघात आला. १९ डिसेंबरला त्याने कोर्टाला संमतिपत्र दिले. आणि अवघ्या तीन दिवसांनी, २२ डिसेंबरला, भारतावर फिर्याद ठोकली! भारताचे संमतिपत्र इंग्रजी राजवटीपासून, म्हणजे १९४० सालापासूनचे होते. ते स्वतंत्र भारतालाही बांधून होते.

पोर्तुगालचे म्हणणे असे : “दादरा-नगर हवेलीचे राज्य आमचे. तिथे जाण्याची वाट आमच्या हक्काची. आमचे अधिकारी, माल, पोलीस, सैन्य, सगळ्यांना भारताने जाऊ दिले पाहिजे.”

भारताने आधी हरकती घेतल्या. एकूण सहा हरकती होत्या. “पोर्तुगालने संमतिपत्र दिल्याचे आम्हाला नीट कळायच्या आतच फिर्याद केली, हे बरोबर नाही,” ही त्यांतली एक. १९५७ च्या नोव्हेंबरात कोर्टाने चार हरकती फेटाळल्या. पत्र दिले त्या क्षणी ते लागू झाले, असे कोर्ट म्हणाले. उरलेल्या दोन हरकती मूळ खटल्याबरोबर ऐकायचे ठरले. शेवटी त्याही टिकल्या नाहीत. खटला पुढे चालला.

भारताची बाजू मांडायला मोतीलाल सेटलवाड होते. ते भारताचे पहिले ॲटर्नी जनरल. त्या वेळी न्यायासनावर भारताचा न्यायाधीश नव्हता. म्हणून भारताने महम्मद करीम छागला यांना या खटल्यापुरते न्यायाधीश नेमले. छागलासाहेब मुंबई हायकोर्टाचे मुख्य न्यायमूर्ती होते. पोर्तुगालनेही आपला न्यायाधीश नेमला.

हेगच्या कोर्टात कामाची रीत अशी आहे. आधी सगळे लेखी. फिर्यादी देश आपले म्हणणे कागदावर देतो. दुसरा देश त्याला लेखी जबाब देतो. बहुधा पुन्हा उत्तर, पुन्हा प्रत्युत्तर होते. बरोबर करारांच्या नकला, नकाशे, जुना पत्रव्यवहार जोडतात. मग तोंडी बोलणे होते. काम इंग्रजी आणि फ्रेंच या दोन भाषांत चालते. शेवटी न्यायाधीश दाराआड विचार करतात आणि मते देतात. निकाल मात्र उघड्या दरबारात वाचून दाखवतात. ज्याचे मत बहुमताविरुद्ध असेल, त्यालाही आपले कारण लिहून ठेवता येते.

कागद काय म्हणतो?

कोर्टाने पहिला प्रश्न विचारला : “पोर्तुगीज या गावांत आले कसे?”

पोर्तुगालने मराठ्यांशी झालेला १७७९ सालचा तह पुढे केला. त्या वेळी सवाई माधवराव पेशवे पाच वर्षांचे मूल होते. कारभार नाना फडणीस पाहत होते. या तहाने पोर्तुगीजांना दमणजवळच्या गावांतून वर्षाला बारा हजार रुपयांचे उत्पन्न मिळायचे होते. त्याप्रमाणे १७८३ आणि १७८५ साली पेशव्यांच्या दरबारातून सनदा निघाल्या.

पोर्तुगाल म्हणाले, “बघा! मराठ्यांनी आम्हाला ही गावे राज्य करायला दिली.”

भारत म्हणाला, “नाही. फक्त महसूल दिला.”

मंडळी, इथेच सगळी गोम आहे. गावचा वसूल देणे वेगळे आणि गावचे राज्य देणे वेगळे. शेत खंडाने दिले म्हणजे विकले का? आंब्याच्या झाडाची फळे एका सालासाठी कोणाला दिली, म्हणजे झाडाखालची जमीन त्याच्या नावावर झाली का?

कोर्टाने तहाच्या निरनिराळ्या प्रती तपासल्या. मराठ्यांचे दुसरे तहही पाहिले. त्यांत एक गोष्ट दिसली. मराठ्यांना जिथे मुलूखच देऊन टाकायचा असे, तिथे ते ‘कायमचा दिला’ अशा अर्थाचे स्पष्ट शब्द लिहीत. या गावांच्या कागदांत तसे शब्द नव्हते. इथे होती जागीर, म्हणजेच सरंजाम. सरंजाम म्हणजे उत्पन्न खाण्याचा हक्क. राज्य नव्हे.

पोर्तुगालने आणखी एक मुद्दा काढला. “या गावांत बंड झाले तर ते मोडण्याचा अधिकार आम्हाला कागदात दिला आहे. बंड मोडतो तो राजाच ना?” कोर्टाने यावर दिलेले उत्तर आपल्या गावच्या शहाण्या म्हाताऱ्यालाही पटेल असे आहे. कोर्ट म्हणाले, राजाला आपल्याच राज्यातले बंड मोडायला दुसऱ्याची परवानगी कशाला लागेल? परवानगी लिहून द्यावी लागली, यावरूनच दिसते की राज्य दिलेले नव्हते.

म्हणजे पेशव्यांच्या कारकुनाने कागदावर काय लिहिले आणि काय लिहिले नाही, त्याचा कीस पावणेदोनशे वर्षांनी हेगला निघाला!

पण गोष्ट एवढ्यावर संपली नाही. १८१८ साली पेशवाई गेली. इंग्रज आले. पोर्तुगीज या गावांत राज्यच करत बसलेले त्यांना दिसले. इंग्रजांनी हरकत घेतली नाही. त्यांचाच अंमल तिथे आहे, असे धरून ते वागत राहिले. पुढे स्वतंत्र भारतही काही वर्षे तसाच वागला. कोर्ट म्हणाले, मराठ्यांनी राज्य दिले नव्हते, हे खरे. पण पुढच्या धन्यांनी मुकाट्याने ते मान्य केले.

यातून काय शिकायचे? कागद महत्त्वाचा. पण कागद पेटीत ठेवून वर्षानुवर्षे गप्प बसले, तर ती चुप्पीही एक दिवस पुरावा होते.

हक्काची वाट आणि परवानगीची वाट

आता दुसरा प्रश्न. वाटेचा हक्क होता की नव्हता?

आपल्याकडे वहिवाटीचा कायदा आहे. तो १८८२ सालचा. कोणी दुसऱ्याच्या जमिनीवरून वीस वर्षे उघडपणे, बिनअडथळा, आपला हक्क म्हणून जात असेल, तर त्याला वाटेचा हक्क मिळू शकतो. पण तो दर वेळी विचारून जात असेल तर? “दादा, आज गाडी नेऊ का?” “ने बाबा.” असे पन्नास वर्षे चालले, तरी तो हक्क होत नाही. ती मेहेरबानी असते. परवानगीची वाट हक्काची होत नाही.

हेगच्या कोर्टाने हीच परीक्षा लावली. सव्वाशे वर्षांवरच्या पत्रव्यवहारातून कोर्टाला असे दिसले : साधी माणसे, मुलकी अधिकारी आणि माल या वाटेने मोकळेपणाने जात-येत होते. इंग्रज त्यावर देखरेख ठेवत. कधी एखाद्या जिनसेला बंदी घालत. पण जाणे-येणे सरसकट कधी थांबवले नव्हते. ही झाली वहिवाट.

सैन्याचे मात्र तसे नव्हते. १८७८ साली इंग्रज आणि पोर्तुगीज यांच्यात करार झाला होता. त्याप्रमाणे एकाच्या सैन्याला दुसऱ्याच्या हद्दीत यायचे, तर काही ठरलेल्या गोष्टी सोडून रीतसर मागणी करावी लागे. सशस्त्र पोलीस आणि हत्यारे यांनाही परवानगी लागे. म्हणजे ही परवानगीची वाट. हक्काची नव्हे.

निकाल

१२ एप्रिल १९६० रोजी निकाल लागला. त्याचे तीन भाग होते.

पहिला : साधी माणसे, मुलकी अधिकारी आणि माल यांना नेण्याचा हक्क पोर्तुगालला १९५४ साली होता. पण भारताच्या देखरेखीखाली. अकरा विरुद्ध चार मते.

दुसरा : सैन्य, सशस्त्र पोलीस आणि दारूगोळा नेण्याचा हक्क पोर्तुगालला नव्हता. आठ विरुद्ध सात मते. एका मताचा फरक!

तिसरा : भारताने १९५४ साली वाट अडवली, त्यात भारताचा दोष नाही. दादऱ्यात उठाव झाला होता. भोवतालच्या मुलखात लोक खवळले होते. अशा वेळी वाट थांबवणे हे देखरेखीच्या अधिकारातच बसते. नऊ विरुद्ध सहा मते.

छागलासाहेबांना पहिला भाग पटला नाही. त्यांनी आपले विरुद्ध मत लिहून ठेवले. पोर्तुगालच्या न्यायाधीशालाही निकाल पुरता पटला नाही. त्यानेही तसेच केले. पण बहुमताचा निकाल तो निकाल. या कोर्टावर अपील नाही.

बारकाईने पाहा. कोर्टाने कोणा एकाचेच सगळे खरे मानले नाही. भारत म्हणत होता, वाटेचा हक्कच नाही. ते मानले नाही. पोर्तुगाल म्हणत होते, सैन्यही नेऊ. तेही मानले नाही. जेवढे पुराव्यात बसले, तेवढेच दिले.

निकालाने पोर्तुगीज फौजेला वाट मिळाली नाही. ११ ऑगस्ट १९६१ रोजी दादरा-नगर हवेली भारतात सामील झाली. गोव्याचा प्रश्न मात्र कोर्टात सुटला नाही. १९६१ च्या डिसेंबरात भारताने सैन्य पाठवले आणि १९ डिसेंबरला गोवा मुक्त झाला. तेव्हा सगळेच तंटे कोर्टात सुटतात असे आम्ही म्हणणार नाही. पुढे पोर्तुगालमध्ये राजवट बदलली. १९७४ साली त्यांनी करार करून गोवा, दमण, दीव, दादरा आणि नगर हवेली भारताची असल्याचे मान्य केले.

एका माणसाचा जीव

तुम्ही म्हणाल, ही राजेरजवाड्यांची आणि सरकारांची गोष्ट झाली. साध्या माणसाला त्या कोर्टाचा काय उपयोग?

कुलभूषण जाधव यांचे नाव तुम्ही ऐकले असेल. आपल्याच महाराष्ट्राचे. नौदलात अधिकारी होते. २०१६ च्या मार्चमध्ये पाकिस्तानने त्यांना पकडल्याचे जाहीर केले. हेरगिरीचा आरोप ठेवला. भारताने तो नाकारला. २०१७ च्या एप्रिलमध्ये पाकिस्तानच्या लष्करी कोर्टाने त्यांना फाशीची शिक्षा सांगितली.

एकटा माणूस हेगला जाऊ शकत नाही, हे आपण पाहिले. पण त्याचा देश जाऊ शकतो. १९६३ सालचा व्हिएन्ना येथे झालेला एक करार आहे. परक्या देशात कोणी पकडला गेला, तर त्याला आपल्या देशाच्या वकिलातीला कळवण्याचा हक्क आहे. वकिलातीच्या माणसांना त्याला भेटण्याचा हक्क आहे. जाधवांना भारतीय अधिकाऱ्यांना भेटूच दिले नव्हते. या करारावरचा वाद हेगला न्यायचा, असे दोन्ही देशांनी आधीच मान्य केले होते. म्हणजे संमतीची दुसरी तऱ्हा.

८ मे २०१७ रोजी भारताने फिर्याद केली. फाशी कधी होईल याचा नेम नव्हता. कोर्टाने दहा दिवसांत, १८ मे रोजी, हुकूम दिला : आमचा निकाल लागेपर्यंत या माणसाला फाशी देऊ नका. भारताचे वकील हरीश साळवे होते. त्यांनी एक रुपया फी घेतली, असे तेव्हाच्या परराष्ट्रमंत्री सुषमा स्वराज यांनी सांगितले होते.

१७ जुलै २०१९ रोजी पूर्ण निकाल आला. पाकिस्तानने करार मोडला, असे पंधरा न्यायाधीशांनी म्हटले. विरुद्ध मत एकच, पाकिस्तानने नेमलेल्या न्यायाधीशाचे. वकिलातीला भेट द्या आणि शिक्षेचा नव्याने विचार करा, असे कोर्टाने सांगितले. सोडून द्या, ही भारताची मागणी मात्र मान्य केली नाही. कारण तंटा भेटीच्या कराराचा होता. कोर्ट कराराबाहेर गेले नाही.

कोर्टाला पोलीस नाहीत

शेवटचा प्रश्न सगळ्यांत अवघड. निकाल कोणी पाळलाच नाही तर?

हेगच्या कोर्टाकडे पोलीस नाहीत. जप्तीचा बेलीफ नाही. जिंकलेल्या देशाला संयुक्त राष्ट्रसंघाच्या सुरक्षा परिषदेकडे जाता येते. पण त्या परिषदेत अमेरिका, रशिया, चीन, ब्रिटन आणि फ्रान्स हे पाच देश बडे आहेत. त्यांतल्या एकानेही ‘नाही’ म्हटले तर ठराव अडतो. १९८६ साली निकाराग्वा या लहान देशाने अमेरिकेविरुद्ध खटला जिंकला. अमेरिकेने निकाल मानला नाही आणि सुरक्षा परिषदेतला ठरावही अडवला. बड्याने पंचांचे ऐकले नाही, तर पंच काय करणार? ही त्या कोर्टाची उणीव. ती आम्ही झाकून ठेवत नाही.

पण नाण्याला दुसरी बाजूही आहे. दिवाळ्याचे, सारसोळ्याचे कोळी बांधव जाणतात, की समुद्राला बांध नसतो. भारत आणि बांगलादेश यांच्यात समुद्राच्या हद्दीचा वाद होता. तो हेगमध्येच, पण निराळ्या पंचमंडळापुढे चालला. २०१४ साली निकाल लागला. वादातल्या समुद्राचा मोठा भाग बांगलादेशाला मिळाला. भारत मोठा, बांगलादेश लहान. तरी भारताने निकाल मानला. गोळी झाडली नाही. उलट, हद्द पक्की झाली म्हणून दोन्हीकडच्या लोकांना कुठवर जायचे ते कळले.

देश निकाल का पाळतात? आज मी तुझ्याविरुद्धचा निकाल मोडला, तर उद्या माझ्या बाजूच्या निकालाला तू काय किंमत देशील? शिवाय चारचौघांत नाव जाते. गावात अब्रूला जी किंमत, तीच देशांच्या गावातही असते. ती पोलिसाइतकी जबर नाही. पण अगदीच पोकळही नाही.

आपण काय घ्यावे?

मंडळी, हेग फार दूर आहे. पण तिथे जे विचारतात, तेच बेलापूरच्या कोर्टात विचारतात, तेच तहसील कचेरीत विचारतात. कागदात काय लिहिले आहे? वहिवाट काय होती? तुम्ही वेळेवर हरकत घेतली होती का? जे मिळत होते, ते हक्काने की परवानगीने?

नवी मुंबई वसवायला आपल्या गावांच्या जमिनी गेल्या. त्या वेळी कितीतरी घरांत नोटिसा आल्या, निवाड्याचे कागद आले. ते दुसऱ्याकडून वाचून घ्यावे लागले. कोणी नीट वाचून दाखवले, कोणी नाही. आता तुम्ही अक्षर शिकला आहात. घरच्या पेटीतले कागद बाहेर काढा. सातबारा वाचा. करार वाचा. ‘दिले’ असे लिहिले आहे, की ‘वापरायला दिले’, ते पाहा. ‘कायमचे’ हा शब्द आहे की नाही, ते पाहा. वाचल्याशिवाय अंगठा नको आणि सहीही नको.

एका शब्दाचा अर्थ ठरवायला दोन देश हेगपर्यंत गेले. आपल्या कागदातला शब्द आपणच वाचला, तर तेवढे लांब जावे लागणार नाही.

वर्गात बोलण्यासाठी प्रश्न

१. हेगच्या कोर्टात कोण फिर्याद करू शकतो? कोण करू शकत नाही?

२. सरंजाम देणे आणि राज्य देणे, यांत फरक काय?

३. हक्काची वाट आणि परवानगीची वाट यांचे आपल्या गावातले एकेक उदाहरण सांगा.

४. कोर्टाला पोलीस नसतानाही बरेच देश निकाल का पाळत असावेत? तुम्हाला काय वाटते?